टाळ्यांपर्यंत

"मग काढून टाक ना! त्यात एवढा विचार कसला करतेस?"

"काढते की. पण काय काढायचं, ते एकदा तुमच्या तोंडाने म्हणा."

"अगं ते... मागचं. ती फुसफुस."

"फुसफुस पंक्चर झालेल्या चाकाची असते, दादा. हा माझा आवाज आहे."

"तेच ते."

"तेच ते कसं? चाकाला कुणी सव्वीस वर्षं विंगेत स्टुलावर बसवून ठेवलं नव्हतं."

दादांनी काउंटरवर दोन्ही तळवे टेकले आणि आवाज एकदम खाली आणला. हा त्यांचा जुना डाव. आधी गर्जायचं, मग इतकं हळू बोलायचं की समोरचा आपसूक पुढे झुकतो. थिएटरात शेवटच्या रांगेतली माणसंसुद्धा झुकायची. ही झुकली नाही. ही कोपर टेकून, पेन्सिल कानामागे खोचून, तशीच ताठ बसून राहिली.

"कुजबुज, ऐक. रविवारी सकाळी थिएटरच्या वरच्या मजल्यावर दालन उघडतंय. मधोमध माझी डबी. लोक रांगेने येणार, डबी हातात घेणार, डोळे मिटणार, आणि मी होणार. मी! माझा तो बारा मिनिटांचा तुकडा जगणार. आणि त्यांना ऐकू काय येणार? दर दोन वाक्यांआड एक बाई कानाशी लागलीय!"

"लागलेलीच होते."

"कधीतरी. अडलं तर. एखाद्या शब्दापुरती."

"बारा मिनिटांत एकवीस वेळा."

"मोजलंस?"

"पेन्सिलच्या खुणा आहेत. संहिता अजून माझ्याकडेच आहे. आणू?"

"नको," दादा म्हणाले. इतकं घाईने की आत दुरुस्तीच्या टेबलावर बसलेली तिची लेक खाली मान घालून हसली.

काउंटरवर दोघांच्या मधे ती डबी पडली होती. साबणाच्या वडीएवढी, कडा झिजलेली, एका बाजूला अंगठ्यापुरता खळगा. खळग्यात अंगठा दाबून धरला की दिसतं, ऐकू येतं, अंगाला जाणवतं ते सगळं आत साठत जातं. अंगठा उचलला की थांबतं. पुढे कधीही, कुणीही, कळ फिरवून त्याच खळग्यात अंगठा ठेवावा आणि डोळे मिटावेत. तेवढा वेळ तो दुसऱ्याच्या कातड्यात राहून येतो. त्याचा चावणारा बूट याला चावतो, त्याची धडधड याच्या छातीत होते. मनातलं मात्र काही कळत नाही. विचार डबीत मावत नाहीत, असं कंपनीवाले म्हणतात. मावत नाहीत तेच बरं, असं बाकीचे सगळे म्हणतात.

माणसं डबी भरतात आणि मग घरी जाऊन कपाळाला हात लावतात. लेकराचं पहिलं पाऊल, आणि मागे सासऱ्यांची ढेकर. लग्नाचं वचन, आणि शेजारच्या इमारतीत चाललेलं ड्रिल. असल्या नको त्या आवाजांची सफाई करायचं हे दुकान. दुकान लेकीचं, कान आईचे. अख्ख्या शहरात इतके बारीक कान दुसरे नव्हते. म्हणून तर दादा आले होते. त्याआधी ते दोन ठिकाणी जाऊन आले होते. दोघांनीही डबी परत केली होती. आवाजाखाली आवाज आहे, म्हणाले, एक ओढायला गेलं की दुसरा फाटतो.

"दुसऱ्या एखाद्या प्रयोगाची डबी नाही का?" तिने विचारलं. "त्या संध्याकाळचीच कशाला?"

दादा काउंटरवरच्या वायरींकडे बघायला लागले.

उत्तर तिला ठाऊक होतं. तिच्यानंतर दादांनी कानात यंत्र घातलं. यंत्र शब्द सांगायचं, पण सगळ्यांनाच सांगावेत तसे. तो तुकडा पुन्हा तसा रंगला नाही आणि वर्षाच्या आत नाटक बंद पडलं.

तिने पावतीपुस्तक ओढलं. "काम, आवाज काढणे. कुठपासून?"

"सुरुवातीपासून."

"कुठपर्यंत?"

"टाळ्यांपर्यंत."

"आणि पुढे?"

"पुढे काय असणार? टाळ्या पडल्या, मी अंगठा उचलला. संपलं."

"नक्की?"

"माझी डबी मला ठाऊक नाही? हजारदा ऐकलीय मी ती!"

तिने लिहिलं, 'टाळ्यांपर्यंत'. दादांनी खाली सही ठोकली, चाहत्याच्या वहीत ठोकतात तशी, शेपूट पार दुसऱ्या पावतीवर गेलेलं.

आता हिच्याबद्दल सांगायला हवं.

कुजबुज हे नाव तिला दादांनीच दिलं, पहिल्याच तालमीत. ती आली होती पडदे शिवायला. एक जण वाक्य विसरला, आणि पडद्याला दोरा घालता घालता हिने ते सांगून टाकलं. आठ दिवसांच्या तालमी नुसत्या ऐकून तिला अख्खं नाटक पाठ झालं होतं. दादा म्हणाले, "या बाईला सुईवरून उठवा आणि विंगेत बसवा." त्या दिवसापासून विंगेतलं बुटकं स्टूल, मांडीवर संहिता, वर मुठीएवढा दिवा. दिव्याचा उजेड फक्त हनुवटीपर्यंत. नवीन पोरी म्हणायच्या, "मावशी, अंधारात तुमची नुसती हनुवटी दिसते, भूत वाटता." ती म्हणायची, "भूतच हवं तिथे. माणूस प्रेक्षकांना दिसतं."

काम दिसायला सोपं. बसायचं आणि वाचायचं, असं तिच्या नवऱ्यालाही मरेपर्यंत वाटत होतं. पण खरी गोम वाचण्यात नाही, थांबण्यात. नट मुद्दाम गप्प आहे की विसरलाय, हे श्वासभरात ओळखायचं. मुद्दाम गप्प असताना शब्द दिला तर तो तुमचा जीव घेईल, विसरलेला असताना नाही दिला तर प्रेक्षक त्याचा घेतील. तिने दादांचा पाय पाठ केला होता. मुद्दाम थांबले की टाच जमिनीला घट्ट. विसरले की उजवी टाच बोटभर उचलली जायची. टाच उचलली की पहिले दोन शब्द द्यायचे, बस. तेही 'स' गिळून, कारण कुजबुजताना 'स' शिट्टीसारखा लांब जातो. घरातही तिची तीच सवय. "हाखर घाल गं" म्हणायची, आणि लेक शाळेतून आल्या आल्या ओरडायची, "आई, घरात तरी साखर म्हण!"

नऊ वर्षांपूर्वीची ती संध्याकाळ. दादा न्यायाधीश झालेले, अंगात काळा झगा, डावा हात झग्याच्या खिशात. खिशात डबी आहे हे सगळ्या थिएटरला माहीत होतं, दादांनीच सांगितलं होतं. बारा मिनिटांचा तो तुकडा असा उतरला की टाळ्या थांबेनात. मग दिवे बदलले आणि शेवटचा प्रवेश सुरू झाला. ज्या निरपराध पोराला न्यायाधीशाने तुरुंगात धाडलं, त्याची आई समोर येऊन उभी राहते. ती काहीच बोलत नाही. तोही बराच वेळ बोलत नाही. आणि मग तीनच शब्द. 'चूक माझी होती.' अख्खं नाटक या तीन शब्दांवर उभं.

दादा थांबले. टाच उचलली गेली. तिने शब्द दिले. दादा गप्प. तिने पुन्हा दिले. तिसऱ्यांदा तर तिने हात हलवून, जवळजवळ मोठ्याने दिले. प्रेक्षकांत चुळबुळ झाली, खोकले सुरू झाले, कुणीतरी खुदकन हसलं. शेवटी आईचं काम करणारी नटी रडत दादांच्या पायाशी बसली आणि कसाबसा पडदा पडला.

आत मॅनेजर धावत आला. दोन मिनिटांत तिच्यापर्यंत निरोप पोचला. झोपली होती म्हणे कुजबुज. ती तशीच दादांच्या खोलीत गेली. ते आरशासमोर मिशी सोलत होते.

"दादा, मी झोपले होते का?"

त्यांनी आरशातून तिच्याकडे बघितलं. मिशी पेटीत ठेवली, कोट उचलला आणि निघून गेले.

सकाळी पेपरात आलं, 'प्रॉम्प्टर झोपली, न्यायाधीश मुके'. दुपारी नोकरी गेली. दुसऱ्या थिएटरांत विचारायला गेली तर दारावरचा माणूस म्हणाला, "मावशी, आमच्याकडे गादीची सोय नाही." भाजीवाला सुटे पैसे देताना म्हणायचा, "जाग्या आहात ना?" लेकीच्या लग्नात नवऱ्यामुलाच्या काकांनी भर मांडवात तिच्यासमोर टिचकी वाजवली, आणि अख्खा मांडव हसला. ती पण हसली. हसू ओठावर तसंच धरून आत गेली आणि कपड्यांच्या ढिगात तोंड खुपसून बसली.

तेव्हापासून तिने चारचौघांत कधी डोळे मिटले नाहीत. बसमध्ये जागा मिळाली तरी उभी राहायची. पार्लरमध्ये केस कापून घेतानाही टक्क आरशात बघायची. पंचाईत एवढीच की डबीची सफाई डोळे मिटल्याशिवाय होत नाही. म्हणून तिच्या टेबलावर, गिऱ्हाइकाला दिसेल अशी एक पाटी होती. 'डोळे मिटलेले असले तरी काम चालू आहे.' लोकांना वाटायचं, विनोद आहे.

बुधवारी तिने दादांची डबी जोडली. दोन वायरी, पायाखाली शिवणयंत्रासारखी पट्टी. खळग्यात अंगठा ठेवायचा, नको तो आवाज आला की त्या क्षणी पट्टी दाबायची. क्षणभर आधी दाबली तर हवा तो शब्द जातो, क्षणभर उशीर झाला तर शेपूट उरतं. तिला उशीर होणं शक्यच नव्हतं. तो आवाज कधी येणार, हे तिच्याइतकं जगात कुणाला माहीत होतं?

तिने अंगठा ठेवला आणि ती दादा झाली. झग्याची कॉलर मानेला टोचली. मिशीच्या डिंकाचा वास नाकात गेला. डावा बूट चावत होता. सव्वीस वर्षांत हे त्यांनी कधी सांगितलं नव्हतं. आणि मग कानाशी तो आवाज आला. कोरडा, मऊ, 'स' गिळलेला. तिने स्वतःला असं बाहेरून कधी ऐकलंच नव्हतं. तिला वाटलं, बरी आहे की ही बाई, बरोबर टाच बघून बोलतेय. आणि तिने पट्टी दाबली. तो आवाज पुसला गेला.

तीन दिवस ती स्वतःला पुसत होती. एकवीस जागा. शुक्रवारी दुपारी विसावी आणि एकविसावी झाली. टाळ्या पडल्या. दादांची छाती भरून आली ती तिच्याही आली. काम संपलं.

पण लेकीचा नियम होता. कापायचं गिऱ्हाईक सांगेल तेवढंच, ऐकायचं मात्र डबी स्वतःहून थांबेपर्यंत. तिने अंगठा उचलला नाही.

दिवे बदलले. समोर त्या पोराची आई येऊन उभी राहिली.

दादांनी अंगठा उचललाच नव्हता. टाळ्यांच्या भरात मूठ तशीच आवळलेली राहिली होती. आणि पुढे नऊ वर्षं, डबी ऐकताना, ते दर वेळी टाळ्यांवर अंगठा उचलत आले होते. टाळ्यांच्या पलीकडे ते कधी गेलेच नाहीत. हजारदा ऐकूनही नाहीत.

तोंडाला कोरड पडली. टाच उचलली गेली. मान विंगेकडे वळली, आणि तिला ती स्वतःच दिसली. स्टुलावर पुढे सरकलेली, हनुवटीवर उजेड, डोळे हे एवढे मोठे. 'चूक माझी होती.' स्वच्छ ऐकू आलं. पुन्हा आलं. मग तो हललेला हात, आणि तिसऱ्यांदा. दादांनी ऐकलं होतं. तिच्याकडे बघत बघत ऐकलं होतं. जीभ टाळूला चिकटली होती, इतकंच.

पडदा. अंधारातली पावलं. मॅनेजरचा घामेजलेला चेहरा. "काय झालं, दादा?" छाती धाडधाड उडतेय. आणि मग त्याच छातीतून निघालेला तो गोड, खर्जातला आवाज. "झोपली होती ती."

हे म्हटल्याबरोबर छातीतली धडधड शांत झाली. गरम पाण्यात पाय सोडावेत तशी.

मग मिशी सोलायला हात खिशाबाहेर आला, आणि डबी थांबली.

"आई? आई! पांढरीफटक पडलीयेस. पाणी देऊ?"

तिने डबी लेकीच्या हातात दिली. लेकीने डोळे मिटले. उघडले तेव्हा तिचा तळवा स्वतःच्याच छातीवर होता.

"शांत झाला गं तो," लेक म्हणाली. "खोटं बोलला आणि शांत झाला. मला इथे... शी! आंघोळ करावीशी वाटतेय. आत्ताच्या आत्ता पेपरवाल्यांना फोन करते."

"गिऱ्हाइकाची वस्तू आहे. बाहेर दाखवायची नाही."

"अगं, नऊ वर्षं! त्या काकांनी टिचकी वाजवली तेव्हा मी बाशिंग बांधून बसले होते, आई. मी बघत होते तुला."

"पावती वाच."

लेकीने पावती वाचली. मग परत वाचली. मग तिच्या चेहऱ्यावर हळूहळू काहीतरी पसरलं.

"टाळ्यांपर्यंत," ती म्हणाली. "सही पण आहे. आई, तू भयंकर बाई आहेस."

"पुढच्या भागात खोकले फार आहेत गं प्रेक्षकांचे. माणसाला धड ऐकू येत नाही. तेवढे पुसून घेते." तिने पुन्हा पट्टीवर पाय ठेवला. "त्याचे पैसे लावू नकोस."

शनिवारी दादा आले. तिने डबी त्यांच्यापुढे ठेवली. वायरी अजून जोडलेल्याच होत्या, आणि तिचा पाय पट्टीवर होता. पुढचं सगळं पुसायला एकदा दाबलं की पुरे, अशी तिने तयारी ठेवली होती. ती का ठेवली होती, हे तिने लेकीलाही सांगितलं नाही.

दादांनी डोळे मिटले. ओठ हलायला लागले, भुवया चढल्या, उतरल्या. मग टाळ्या आल्या असाव्यात, कारण चेहरा लोण्यासारखा वितळला. आणि त्यांनी अंगठा उचलला.

"वा!" ते म्हणाले. "तू नाहीसच! कुठेच नाहीस!"

"पुढे ऐकायचं नाही?"

"पुढे काय आहे?"

"दादा, एक विचारू? त्या संध्याकाळी मी झोपले होते का?"

दादांनी सुस्कारा सोडला. "अजून तेच घेऊन बसलीस? अगं, कुणाला आठवतंय आता ते? लोक विसरले. तूही विसर." त्यांनी खिशातून दोन पास काढून ठेवले. "ये उद्या. पहिल्या रांगेत बसवतो तुला. आयुष्यभर विंगेत बसलीस, एकदा समोरून बघ."

तिने पट्टीवरून पाय काढला, वायरी सोडवल्या, डबी स्वच्छ फडक्याने पुसली आणि त्यांच्या हातात दिली.

"येते," ती म्हणाली. "नक्की येते."

रविवारी वरचा मजला भरला होता. तिने लेकीच्या लग्नातली साडी नेसली होती. काचेच्या पेटीतून डबी काढली गेली. पहिला मान मॅनेजरचा. त्याने अंगठा ठेवला, डोळे मिटले, मान डोलावली. काही मिनिटांनी तो हसला. टाळ्या आल्या, सगळ्यांना कळलं. दादांनी हात पुढे केला, आता दे म्हणून.

मॅनेजरने अंगठा उचलला नाही. डबीत पुढे आहे म्हटल्यावर तो पुढे गेला, कुणीही जाईल तसा.

त्याचं हसू ओठांवरच विरलं. कपाळाला घाम आला. त्याची मान हळूच वळली, विंग असती त्या बाजूला. मग त्याने डोळे उघडले आणि छातीवर हात ठेवून डबी शेजारी उभ्या असलेल्या नटीच्या हातात दिली. तीच ती, आईचं काम करणारी. तिनेही शेवटपर्यंत ऐकलं. डोळे उघडल्यावर तिने आधी पहिल्या रांगेत कुजबुजला शोधलं. मग दादांकडे वळली.

"तिने तीनदा सांगितलं होतं," नटी म्हणाली. "मला तिथून ऐकू आलं नव्हतं. तुम्हाला आलं होतं."

"काय बोलतेस?"

"मला तेव्हा विचारलं असतंत तर शपथेवर सांगितलं असतं मी, की ती झोपली होती. तुम्ही म्हणालात म्हणून." तिने डबी त्यांच्या तळहातावर जवळजवळ आपटली. "टाळ्यांच्या पुढे जा, दादा."

दादांना सगळ्यांसमोर नाही म्हणता येईना. त्यांनी अंगठा ठेवला. किती वेळ गेला कुणास ठाऊक. खुर्च्यासुद्धा करकरल्या नाहीत. त्यांनी डोळे उघडले तेव्हा मॅनेजर माइकसमोर उभा होता. "ती जागी होती," तो म्हणाला. एवढंच म्हणाला आणि माइक दादांकडे सरकवून बाजूला झाला.

दादा माइकसमोर आले. चाळीस वर्षांची सवय, खांदे आपोआप ताठ झाले. "मित्रहो," त्यांनी सुरुवात केली. "त्या संध्याकाळी... मी..."

थांबले.

सगळे पुढे झुकले. मुद्दाम थांबलेत, असं मागच्यांना वाटलं असेल. तिने चेहऱ्याकडे बघितलंच नाही. तिची नजर खाली गेली. उजवी टाच बोटभर उचललेली होती.

दादांची मान वळली. आधी उजवीकडे, जिथे विंग नव्हती, नुसती भिंत होती. मग समोर, पहिल्या रांगेत. त्यांचे डोळे तिच्या ओठांवर येऊन थांबले, सव्वीस वर्षं थांबायचे तसे.

"कुजबुज," ते म्हणाले. हळूच, पण माइकने ते शेवटच्या रांगेपर्यंत पोचवलं. "पुढे काय?"

लेकीने आईचा हात धरला. तिने तो सोडवून घेतला. पर्स खांद्याला लावली, साडीचा पदर नीट केला आणि उठली. रांगेतल्या लोकांनी पाय आवरून वाट दिली. ती मधल्या वाटेने सरळ चालत गेली, दार ढकललं आणि बाहेर पडली.